साडी नेसलेला चिंकारा

"साहेब, आण्याच्या पठारावर एका हरणानं साडी नेसलीय," असं दत्तूनं येऊन सांगितलं, तेव्हा मी आळेफाट्यावर मिसळ खात होतो.

"नेसलीय का अडकलीय?"

"अडकली आसंल. पर दिसती नेसल्यावाणी. पदर बी हाय."

मी तेव्हा वनपाल होतो. आमच्या खात्यात जंगलाचा सगळ्यात लहान तुकडा म्हणजे बीट. तो वनरक्षकाकडे असतो. काही बीट मिळून एक राउंड, तो वनपालाकडे. वनपालाच्या वर रेंजर साहेब. वरून काही रागावणं आलं की ते एकेक पायरी उतरत वनरक्षकापाशी येऊन थांबतं. दत्तू माझा वनरक्षक होता. त्यामुळे रागावून घ्यायची त्याला सवय होती आणि तो सहसा खोटं बोलत नसे. मी मिसळ अर्धी टाकून उठलो.

नव्वदीची शेवटची वर्षं होती ती. मोबाईल आमच्यापर्यंत पोचले नव्हते. खात्याची एक मोटारसायकल होती, तिच्यावर दोघं बसून आम्ही घाट चढलो.

पठारावर पाणी बेताचं आणि माती उथळ. हिवाळ्यात लोक तिथं हरभरा करतात. हरभऱ्याचे कोवळे शेंडे म्हणजे चिंकाऱ्याचा जीव की प्राण. शेजारीच आमचं वनखात्याचं कुरण. दिवसभर कुरणात राहायचं आणि दिवस कलला की हरभऱ्यात शिरायचं, असा त्यांचा नेम. शेतकऱ्यांनी त्यावर एक तोड काढली होती. शेताभोवती काठ्या रोवायच्या आणि घरातल्या जुन्या साड्या त्यांना बांधायच्या. वाऱ्यानं साडी फडफडली की जनावर बिचकतं. त्या दिवसांत लांबून बघितलं तर अख्खं पठार कुणीतरी धुवून वाळत घातल्यासारखं दिसायचं.

कुरणाच्या कडेला पोचलो तर तिथं जत्रा. बांधावर पन्नासेक माणसं बसलेली. कुणी नारळ आणलेला, कुणी पोरं खांद्यावर घेतलेली. एकानं तर स्टोव्ह मांडून चहा सुरू केला होता. मी दुर्बीण लावली.

समोरच्या उतारावर चिंकारा उभा होता. पूर्ण वाढलेला नर. दोन्ही शिंगांना हिरव्या साडीचे पीळ बसलेले. एक टोक पाठीवरून मागे गेलेलं आणि दुसरं पुढच्या पायांत लोळत होतं. त्यानं चरायला मान खाली घातली की कापड डोळ्यावर यायचं. मग तो मान झटकून उभा राहायचा. चार पावलं टाकली की स्वतःच्याच पदरावर पाय पडून अडखळायचा. बांधावरच्या लोकांना मौज वाटत होती. मला नाही वाटली. ज्याला नीट चरता येत नाही आणि पळता येत नाही, तो चिंकारा पहिल्या मोकाट कुत्र्याच्या तावडीत सापडतो.

तेवढ्यात बांधावरून कुणीतरी "आई राजा उदं उदं" म्हणून ओरडलं. चिंकारा दचकला आणि पळाला. साडी बाभळीला अडकली, टर्रकन फाटली, आणि तो तसाच टेकाडापलीकडे गेला.

"कोण ओरडलं रे?" मी आवाज चढवला. पन्नास माणसं एकमेकांकडे बघायला लागली.

गर्दीतून एक बाई पुढे आली. पन्नाशीच्या आतली, ठणठणीत, पदर खोचलेला. मागे तिचा नवरा, मान खाली घालून.

"सायेब, ती साडी माजी हाय," ती म्हणाली. "माज्या भावानं भाऊबीजेला दिल्याली. घडी बी मोडली नव्हती. लेकीच्या लग्नात नेसायला ठिवली व्हती. आन ह्या मानसानं ती हरभऱ्याला बांदली!"

या हिराबाई. आणि ते लक्ष्मणराव. लक्ष्मणरावांनी खुलासा केला.

"मी काय जानून बांदली का? हिनंच सांगितलं, ट्रंकंतल्या जुन्या साड्या घ्या. ट्रंक उघडली, वरचं गाठोडं घेतलं."

"वरचं नव्हं, खालचं म्हनलं व्हतं! वरचं लग्नाचं, खालचं जुनं. कवाधरनं संसार करताय, वरचं कंचं न् खालचं कंचं कळंना व्हय?"

लक्ष्मणरावांनी मला बाजूला घेतलं. "सायेब, हरनाची शिंगं दरसाल गळून पडत्यात म्हनं. मंग साडी बी आपसूक पडंल. तवर हिला तेवढं समजावून सांगा."

इथं थोडं शास्त्र सांगावं लागेल. मराठीत आपण सगळ्यांनाच हरीण म्हणतो, पण त्यांच्यात दोन घराणी आहेत. सांबर, चितळ, भेकर यांची शिंगं फांद्यांची असतात, ती गळतात आणि नवी येतात. आपल्या भीमाशंकरच्या रानात सांबराची अशी गळलेली शिंगं सापडतात. चिंकारा आणि काळवीट यांची शिंगं गाई-बकरीसारखी. ती एकदा आली की जन्मभर राहतात. म्हणजे शिंगं गळायची वाट बघितली असती, तर साडी उतरायच्या आधी चिंकाराच गेला असता. मी हे लक्ष्मणरावांना सांगितलं. त्यांचा चेहरा चिंकाऱ्यापेक्षा केविलवाणा झाला.

संध्याकाळी एसटीडी बूथवरून रेंजर साहेबांना फोन लावला.

"साडी?" साहेब म्हणाले.

"हो सर."

"अख्खी?"

"निम्मी राहिली असेल सर आता. नऊवारी आहे, त्यामुळे निम्मी म्हणजेही पुष्कळ."

साहेब मग म्हणाले, "चिंकारा शेड्यूल वनमधला. परवानगीशिवाय पकडलं तर कायद्याच्या भाषेत ती शिकारच. मी वर बोलतो. तोपर्यंत त्याला कुणी पळवायचं नाही. गर्दी हटवा."

शेड्यूल वन म्हणजे वन्यजीव कायद्यातली पहिली यादी. वाघ ज्या यादीत, त्याच यादीत आपला चिंकारा. लोकांना हे सांगितलं की खरं वाटत नाही, कारण वाघाला बघून माणूस पळतो आणि चिंकाऱ्याला बघून माणूस त्याच्यामागे पळतो.

डार्ट गनचं विचारलं. साहेब म्हणाले, ती आणायची तर माणसं पुण्याहून यायची, आणि एवढ्याशा, आधीच घाबरलेल्या जनावराला बेशुद्धीचं औषध म्हणजे जुगार. आमच्या भागातल्या जनावरांच्या दवाखान्यातले डॉक्टर तेच म्हणाले. हरीणवर्गातल्या जनावराला पळवून पळवून पकडलं, की ते पकडल्यावर मरतं. अंगावर ओरखडा नसतो. भीतीनं आणि धावण्यानं आतले स्नायूच निकामी होतात. डॉक्टर लोक त्याला कॅप्चर मायोपॅथी म्हणतात. "एकदाच हात लावायचा," डॉक्टर म्हणाले. "झटक्यात काम उरकायचं. आणि आवाज अजिबात नको. आवाजानंच ते निम्मं मरतं."

दुसऱ्या दिवशी परवानगीचा निरोप आला. आता फक्त गर्दी हटवायची होती.

गर्दी दुप्पट झाली होती. नारायणगावहून जीप भरून लोक आले होते. गावात बातमी पक्की झाली होती, की देवीनं हिराबाईची साडी पसंत केली आणि हरणाच्या रूपानं ती नेसून पठारावर फिरते आहे. देवीच्या देवळाचे पुजारी सोपानकाका गुरव स्वतः बांधावर बसले होते. काका साठीचे, काटक, बोलायला शांत. त्यांच्या शब्दाला गावात वजन होतं.

"काका, तो नर आहे हो," मी म्हणालो.

"देवीला काय नर आन काय मादी," काका म्हणाले.

"त्याची साडी काढावी लागेल. नाहीतर तो मरेल."

"देवीनं घेतल्यालं वस्तर मानसानं काडून घ्याचं? नाय सायेब. गावावर कोप व्हईल."

मागून चार-सहा तरुण उभे राहिले. हात कमरेवर. मी ओळखलं, की नुसतं हटा म्हणून हे हटणार नाहीत.

संध्याकाळी देवळापुढे गाव गोळा झालं. मी गणवेश कडक करून गेलो. मनाशी ठरवून गेलो होतो की शांतपणे बोलायचं. सुरुवात बरी झाली. जंगल, पाऊस, जमीन, हरीण, सगळं सांगितलं. मग कायदा सांगितला. वन्यप्राणी ही शासनाची मालमत्ता आहे, त्याला त्रास देणं गुन्हा आहे, वगैरे.

एकानं हात वर केला. "सायेब, हरीन सरकारचं. साडी हिराकाकूची. मंग साडीनं हरनाला तरास दिला, तर केस कुनावर?"

"लक्षुमननानावर!" दुसरा ओरडला आणि सगळं देऊळ हसलं. लक्ष्मणराव खांबाआड सरकले.

माझा पारा चढला. मी म्हणालो, "हसा! उद्या तो चिंकारा मेला की त्याच्याभोवती बसून हसा. तुमच्या डोळ्यांदेखत एक मुकं जनावर उपाशी मरतंय आणि तुम्ही त्याला नारळ दाखवताय!" आवाज जरा जास्तच चढला. दत्तू माझी बाही ओढायला लागला. लोक गप्प झाले, पण पटल्यासारखे नाही. पाहुणा चिडला की यजमान गप्प होतात तसे.

मग बायकांच्या बाजूनं हिराबाई उठल्या.

"सोपानकाका, येक इचारू का?"

"इचार की बाई."

"देवीला साडी नेसवली की ती कवर ठिवता?"

"दुसरी येईस्तवर."

"आन न्हाई आली तर?"

"मंगळवारी, शुक्रवारी बदलतोच. मळकी साडी ठिवत न्हाईत देवीच्या अंगावर."

"मळली की बदलता. आन फाटली तर?"

"फाटकी तर येक घडीभर बी नाय," काका म्हणाले. आणि म्हणता म्हणता थांबले.

"मंग माज्या साडीच्या चिंद्या झाल्यात," हिराबाई म्हणाल्या. "बाभळीला लोंबत्यात, मी सोता बघितल्यात. चिखलानं माखलीय. देवीनं साडी घेतली, माजं भाग्य. मी काय म्हागारी मागत न्हाई. पर फाटक्या साडीत देवीला रानोमाळ हिंडवायचं, ह्यो कंचा धर्म? उतरवायला पायजे का नको, तुमीच सांगा."

सोपानकाकांनी डोळे मिटले. देवीकडे तोंड करून हात जोडले. बराच वेळ तसेच उभे राहिले. मी कायद्याची कलमं सांगितली होती तेव्हा त्यांनी जांभई दिली होती, हे मला आठवलं आणि थोडा रागही आला. मग ते वळले.

"हिरा म्हनती ते बरुबर हाय. साडी उतरवायची."

मी सुटकेचा निःश्वास टाकतोय तोवर मगाचचे तरुण उठले. "मंग वाजतगाजत उतरवू! हलगी बोलवा! आळ्याचा बँड आना!"

गाव एकदम उत्साहात आलं. कुणी गुलालाचं बोलायला लागलं, कुणी जेवणावळीचं. मला डॉक्टरांचे शब्द आठवले. ज्या जनावराला एका आरोळीनं धडकी भरते, त्याच्याभोवती हे लोक बँड वाजवणार होते. म्हणजे न उतरवलेलं परवडलं. पुन्हा ओरडावं असं वाटलं. पण ओरडून काय होतं ते मगाशीच दिसलं होतं. म्हटलं, हिराबाईंचीच वाट धरावी.

"काका," मी विचारलं, "देवीची साडी बदलता तेव्हा हलगी वाजते?"

"छ्या! तवा कशी वाजंल?"

"मग काय करता?"

"पडदा लावतो."

"गाभाऱ्यात कोण कोण असतं?"

"मी येकला. बाकी समदी भायेर. कुनी डोकवायचं बी नाय. आई कापडं बदलती, राव. तिची लाज राखाय नको?"

पुढे बोलायची गरज पडली नाही. काका आपणच तरुणांकडे वळले. "बसा खाली, बँडवाले! आईची साडी उतरताना बँड लावतंय व्हय कुनी?"

"पर काका," एक जण म्हणाला, "पठाराला पडदा कुठनं लावायचा?"

"आपापली दारं लावायची," काका म्हणाले. "ह्योच पडदा. उद्या सकाळी साडी उतरस्तवर कुनी घराभायेर पडायचं नाय. पोरांस्नी आत घ्या. कुत्री बांदा. गिरनी बंद. रेडू, टीव्ही बंद. जो बघंल त्याचं त्यो बघून घिईल."

माझ्या आयुष्यात मी पोलिसांना सांगून, दोर बांधून, हातापाया पडून गर्दी हटवली आहे. अशी एका वाक्यात कधी हटली नाही.

काकांची एक अट मात्र होती. देवीची साडी गुरवानंच उतरवायची. म्हणजे चिंकारा पकडायला आमच्याबरोबर तेही येणार. मी म्हटलं, या.

पकडायचं कसं, ते म्हाळूतात्यांशी बोलून ठरवलं. म्हाळूतात्या धनगर. त्यांच्या भावकीतल्या बहुतेकांनी मेंढरं विकून शेती धरली होती. तात्यांनी अजून कळप सोडला नव्हता. वर्षानुवर्षं त्यांच्या मेंढ्या कुरणाच्या कडेनं चरत आल्या होत्या, आणि चिंकारे त्यांना बुजत नसत. त्यावरून माझं आणि तात्यांचं जुनं भांडण होतं. मेंढ्या आमच्या हद्दीत शिरतात, असं माझं म्हणणं. आमचीच हद्द त्यांच्या मेंढ्यांखाली शिरली, असं त्यांचं. त्या दिवशी आम्ही ते भांडण मिटवलं नाही, फक्त बाजूला ठेवलं.

बेत साधा होता. मेंढ्या रात्री कोंडायला धनगरांकडे सुताची जाळी असते, तिला वाघर म्हणतात. कुरणाच्या एका टोकाला दगडी बांध आणि ओढा यांच्यामध्ये एक खिंडार होतं. तिथं झुडपांआड वाघर उभी करायची. तात्यांनी नेहमीसारख्या मेंढ्या हाकत आणायच्या, घाई न करता. चिंकारा मेंढ्यांच्या कडेनं सरकत खिंडारात येईल. बाकी आम्ही.

सकाळी उजाडताना आम्ही झुडपांआड जाऊन बसलो. डॉक्टर, दत्तू, मी आणि अंघोळ करून, धूतवस्त्र नेसून आलेले सोपानकाका. थंडी अशी की दात वाजत होते. काका उघड्या अंगानं काहीतरी पुटपुटत होते.

"काका, मनात म्हणा," डॉक्टर कुजबुजले.

मी मागे वळून गावाकडे बघितलं. एक माणूस दिसत नव्हता. सकाळच्या वेळी गावातून येणारे आवाज, बादल्यांचे, भांड्यांचे, पंपाचे, कुणी कुणाला हाक मारल्याचे, काही काही नव्हतं. सगळी दारं बंद. एका जनावरासाठी अख्खं गाव श्वास धरून आत बसलं होतं. मग त्यांच्या लेखी तो चिंकारा असो की देवी. मला फार बरं वाटलं. आदल्या संध्याकाळी मी या लोकांवर ओरडलो होतो, त्याचं वाईटही वाटलं.

मेंढ्या आल्या. तात्या मागून, खांद्यावर घोंगडी, काही घाई नसल्यासारखे. कळपाच्या उजव्या कडेला तो होता. किती उतरला होता! बरगड्या मोजता याव्यात. साडीचा पीळ एका डोळ्यावर घट्ट बसला होता आणि तो दुसऱ्या डोळ्यानं बघत चालत होता.

खिंडार वीस पावलांवर आलं आणि तो थांबला. कान उभे. बहुतेक वाघर दिसली असावी, किंवा डॉक्टरांच्या औषधाचा वास आला असावा. तो वळला. आता पळाला तर पुन्हा हाती लागणार नव्हता. पळायला त्यानं उडी घेतलीही. पण लोळणारा पदर बोरीच्या जाळीत अडकला, आणि तो मान मुरगळून खाली आला.

आम्ही झेपावलो. पण तात्या जवळ होते. त्यांनी खांद्यावरची घोंगडी काढली आणि त्याच्या तोंडावर टाकली. डोळ्यांपुढे अंधार झाला की हरीण शांत होतं. मी गुडघे टेकून मान धरली. दत्तूनं मागचे पाय धरले. सोपानकाका समोर येऊन हात जोडून वाकले.

"काका, आधी पुढचे पाय धरा, मग पाया पडा!" डॉक्टर दातओठ खात म्हणाले. काकांनी मुकाट्यानं पाय धरले.

साडी सुटेना. शिंगांच्या वळ्यांत कापड रुतून बसलं होतं, वर बोरीचे काटे. तात्यांनी मेंढ्यांची लोकर काढायची कातर कमरेची काढून दिली. मी पीळ कापायला लागलो. हाताखाली त्याचं काळीज उडत होतं, ते माझ्या मनगटापर्यंत जाणवत होतं. शेवटचा वळसा सुटला. काकांनी साडी दोन्ही हातांवर घेतली, कपाळाला लावली आणि बाजूला झाले. डॉक्टरांनी डोळा तपासला, ओरखड्यांवर औषध लावलं. "सोडा. लगेच."

आम्ही हात काढले. तात्यांनी घोंगडी उचलली.

तो हललाच नाही.

तसाच पडून राहिला. डोळे उघडे, पाय ताणलेले. मला वाटलं, झालं. एवढं सगळं गाव दाराआड बसलंय आणि आता यांना काय सांगायचं? हिराबाईंना काय सांगायचं? काकांचे ओठ पुन्हा हलायला लागले आणि या वेळी त्यांना कुणी गप्प केलं नाही.

मग त्याचं शेपूट हललं. काळं, आखूड शेपूट, नुसतं इकडून तिकडे. पुढच्या क्षणी तो चारी पायांवर उभा होता. त्यानं डोकं जोरात झटकलं. डोक्यावर काही नाही म्हटल्यावर पुन्हा एकदा झटकलं, खात्री करायला. आणि नाकातून फुस्स करून मोठी शिंक दिली. धोक्याचा इशारा म्हणून चिंकारे असाच आवाज करतात.

"सत्य हाय," सोपानकाका म्हणाले.

तो टेकाड चढून गेला. पळत नव्हता, उड्या मारत होता. माझे डोळे भरून आले. गणवेशात ते बरं दिसत नाही, म्हणून मी दुर्बीण लावली. दुर्बिणीतून काहीच दिसत नव्हतं. तात्या शेजारी येऊन उभे राहिले. "सायेब, उलटी धरलीया," ते म्हणाले.

काकांनी गावात जाऊन देवळातली घंटा वाजवली आणि पडदा उघडला. सगळी दारं एकदम उघडली. लोक पळत देवळाकडे आले. आता हलगी वाजवायला माझी काही हरकत नव्हती. ती दुपारपर्यंत वाजली.

साडीच्या चिंद्या प्रसाद म्हणून वाटल्या गेल्या. हिराबाईंना पहिली मिळाली, काठाची. त्यांनी ती डोळ्यांना लावली. पण रीत अशी, की जुनी साडी उतरवली तर नवी चढवावी लागते. गावानं आदल्या संध्याकाळीच माणूस धाडून नारायणगावच्या बाजारातून नवी हिरवी नऊवारी आणून ठेवली होती. ती घेऊन सगळे माझ्याकडे बघायला लागले. मी स्पष्ट सांगितलं, की ती चिंकाऱ्याला नेसवता येणार नाही. परवानगी फक्त काढायची होती.

बराच खल झाला. शेवटी काका म्हणाले, देवीनं जिची साडी मागून घेतली, तिचीच ओटी भरा. बायकांनी हिराबाईंना देवीपुढे बसवलं, ओटी भरली आणि ती साडी त्यांच्या हातात दिली. इतका वेळ तोंडाचा पट्टा चालवणारी ती बाई एकदम रडायला लागली. लक्ष्मणराव खांबाआडून म्हणाले, "काट बगा, आधीच्या साडीपरीस मोठा हाय." त्यांना वाटलं, आपण सुटलो. सुटले नाहीत.

लग्नाला मला आणि दत्तूला आग्रहाचं बोलावणं होतं. हिराबाईंचा भाऊ मांडवात भेटेल त्याला धरून सांगत होता, "माजी साडी, देवीनं निवडल्याली!" हिराबाई नवी साडी नेसून मिरवत होत्या. त्यांच्या हरभऱ्याच्या शेताला एका बाजूनं कुंपणच नव्हतं. विचारलं तर म्हणाल्या, "खाऊ द्या दोन वळी. आपलंच हाय ते." तिथं चिंकारे उतरत. मी लांबून बघितले आहेत, पण त्यात आपला कोणता ते ओळखता आलं नाही. डोक्यावर काही नसलं की सगळे सारखेच दिसतात.

मग मी जनजागृती सुरू केली. पठारावरच्या वाड्यावाड्यांतून सभा घेतल्या. साड्या सैल बांधू नका, लोंबती टोकं ठेवू नका, जनावर अडकतं, असं चित्रं काढून सांगितलं. रेंजर साहेबही एका सभेला येऊन बोलून गेले. लोकांनी चहा दिला, मान डोलावली आणि पूर्वीसारख्याच साड्या बांधल्या.

पण पुढच्या हिवाळ्यात पठारावर गेलो तर चित्र वेगळं. साड्या जवळजवळ दिसेनात. कुणी काठीला डबे बांधलेले, कुणी बाभळीच्या फांद्या ओढून लावलेल्या, कुणी स्वतःच शेकोटी करून राखणीला बसलेला. मी मनातून फुगलो. म्हटलं, उशिरा का होईना, आपलं बोलणं पोचलं. रेंजर साहेबांना फोन करून तसं सांगितलंसुद्धा.

घाटाच्या तोंडाशी लक्ष्मणराव भेटले. शेताला बाभळीचे काटे ओढत होते. हात रक्ताळलेले.

"काय लक्ष्मणराव, साड्या बंद?"

"बंद म्हंजी काय," ते म्हणाले, "समद्या गावातल्या बायांनी ट्रंकांस्नी कुलपं लावल्यात. किल्ल्या कमरंला. जुनी साडी मागितली तरी म्हनत्यात, आधी कंची ती दाखवा, मंग काडून दिऊ. कोन तंडत बसंल? त्यापरीस काटं बरं."

पुढे माझं प्रमोशन झालं, बदल्या झाल्या, मी निवृत्तही झालो. नवीन पोरं नोकरीत लागली की विचारतात, लोकांना वन्यजीवांचं महत्त्व कसं पटवायचं. मी सांगतो, सभा घ्या, चित्रं दाखवा, कायदा सांगा. ते सगळं करायचं असतं. पण कुठल्याही गावात काम सुरू करताना आधी चौकशी करा, की ट्रंकेची किल्ली कुणाच्या कमरेला आहे, आणि पहिली सभा तिच्याबरोबर घ्या.